रखमाबाई : अपूर्ण विवाह, वृत्तपत्रे आणि कौमार्याचा प्रश्न

१

एकोणिसाव्या शतकातील महाराष्ट्राच्या प्रबोधनाचा इतिहास सांगताना डॉ. रखमाबाईंचे (१८६४-१९५५) नाव सामान्यतः दोन कारणांनी घेतले जाते. नवऱ्याकडे नांदायला जाण्यापेक्षा तुरुंगात जाणे पत्करू, असे न्यायालयाला कळवणारी स्त्री ही त्यांची पहिली ओळख. आणि वैद्यकीय व्यवसाय प्रत्यक्ष करणाऱ्या आरंभीच्या भारतीय स्त्रियांपैकी एक, ही दुसरी. चरित्रपर लेखनात पहिली ओळख दुसरीची पूर्वपीठिका म्हणून येते आणि अन्यायावर मात करून मिळवलेल्या यशाची एक सरळ रेषा तयार होते. ही रेषा खोटी नाही. परंतु ती आखताना त्या खटल्याच्या गाभ्याशी असलेला एक अडचणीचा प्रश्न बाजूला पडतो. ज्या विवाहावरून १८८४ ते १८८८ या चार वर्षांत मुंबई-पुण्याची वृत्तपत्रे झडझडून लिहीत राहिली, तो विवाह शरीरसंबंधाने कधीच पूर्णत्वाला गेला नव्हता. वादाचे मथळे धर्म, कायदा, स्त्रीशिक्षण आणि परकीय सत्तेचा हस्तक्षेप असे होते. त्या मथळ्यांखाली मात्र एका तरुण स्त्रीच्या अस्पर्शित शरीरावर कोणाचा अधिकार चालतो, याची जाहीर चिकित्सा चालली होती.

कौमार्य हे मूल्य आपल्या समाजात प्राचीन आहे, असे म्हणून पुष्कळदा विषय संपवला जातो. वस्तुतः त्या काळच्या उच्चवर्णीय आचारात कौमार्याला एक नेमकी मुदत होती. ऋतुप्राप्तीपूर्वी मुलीचे लग्न व्हावे आणि ऋतुप्राप्तीनंतर लवकरच गर्भाधान व्हावे, अशी ती व्यवस्था होती. मुदतीपूर्वी ढळलेले कौमार्य हा जसा कलंक, तसेच मुदतीनंतर उरलेले कौमार्य हाही दोषच. कन्यादान या शब्दातच ती ठेव एका हातातून दुसऱ्या हातात देण्याची कल्पना आहे. ही ठेव जिच्या शरीरात आहे तिची स्वतःची इच्छा या व्यवहारात कोठेही नोंदवली जात नसे. रखमाबाईंनी ती नोंदवली. त्यांच्या आयुष्यातील पुढील सर्व घटना, आणि वृत्तपत्रांनी त्यांची रंगवलेली प्रतिमाही, या एका नोंदीतून उद्भवली आहे.

२

रखमाबाईंचा जन्म २२ नोव्हेंबर १८६४ रोजी मुंबईत, सुतार ज्ञातीतील एका सुस्थित घराण्यात झाला. वडील जनार्दन पांडुरंग हे रखमाबाई अवघ्या अडीच वर्षांच्या असताना वारले. आई जयंतीबाई त्या वेळी सतरा वर्षांच्या होत्या. ज्या ज्ञातींत विधवाविवाहाला मुभा होती त्यांपैकी ही एक असल्यामुळे काही वर्षांनी जयंतीबाईंचा पुनर्विवाह डॉ. सखाराम अर्जुन यांच्याशी झाला. तत्पूर्वी जयंतीबाईंनी पहिल्या पतीकडून आलेली मालमत्ता मुलीच्या नावे केली. हा तपशील पुढे खटल्याच्या काळात महत्त्वाचा ठरला, कारण रखमाबाईंच्या नकारामागे त्यांची इच्छा नसून माहेरच्यांचा मालमत्तेवरील डोळा आहे, असे प्रतिपक्षाला म्हणता आले.

डॉ. सखाराम अर्जुन हे मुंबईतील नामांकित वैद्य होते. ग्रँट मेडिकल कॉलेजात ते वनस्पतिशास्त्र शिकवत. औषधी वनस्पतींवर त्यांनी ग्रंथलेखन केले आणि १८८३ मध्ये स्थापन झालेल्या बाँबे नॅचरल हिस्टरी सोसायटीच्या संस्थापकांत त्यांची गणना होते. त्यांच्या घरी सुधारकांची ये-जा असे. तरीही या घरातील मुलीचे लग्न अकराव्या वर्षीच झाले. सुधारणेचा विचार आणि घरातील आचार यांमधील हे अंतर त्या पिढीत सर्वत्र दिसते. मुलीचे लग्न लांबवणे म्हणजे तिच्या कौमार्याविषयी लोकांना बोलण्यास जागा देणे. आणि विद्वत्ता वा प्रतिष्ठा असलेली घरेही या दडपणातून सुटलेली नव्हती.

३

१८७६ मध्ये रखमाबाईंचे लग्न दादाजी भिकाजी यांच्याशी झाले. दादाजी सखाराम अर्जुन यांच्या नात्यातील होते. ते सुमारे वीस वर्षांचे होते. त्यांनी सासरेबुवांच्या आश्रयाने राहावे, शिक्षण घ्यावे आणि एक चांगला गृहस्थ व्हावे, अशी अपेक्षा होती. ती सफल झाली नाही. दादाजींचे अभ्यासात मन रमले नाही. ते आपले मामा नारायण धुरमाजी यांच्याकडे राहू लागले. त्या घरचे वातावरण रखमाबाईंना भयावह वाटावे असे होते. मामांनी घरात रखेली ठेवली होती आणि त्यांच्या पत्नीने जीव देण्याचा प्रयत्न केला होता. दादाजींची प्रकृती ढासळली, कर्जही वाढत गेले.

लग्नानंतर काही महिन्यांतच रखमाबाईंना ऋतुप्राप्ती झाली. रूढीप्रमाणे यानंतर फलशोभनाचा विधी व्हावयाचा. मराठी घरांतील हा प्रसंग खाजगी नव्हता, हे येथे ध्यानात घेतले पाहिजे. न्हाण आलेल्या मुलीला मखरात बसवले जाई, सुवासिनींना बोलावणी जात, गाणी होत, कधी वाजंत्रीही असे. मुलीच्या शरीरातील बदल अशा रीतीने साऱ्या आळीला कळे आणि तिला नवऱ्याकडे कधी पाठवणार, हा प्रश्न आळीचा होऊन जाई. मुद्रित वृत्तपत्रांच्या कितीतरी आधीपासून मखर हे या विषयाचे प्रसारमाध्यम होते.

सखाराम अर्जुन यांनी या टप्प्यावर मात्र रूढीला नकार दिला. अपक्व वयातील शरीरसंबंधाचे दुष्परिणाम ते वैद्य म्हणून जाणत होते. त्यांनी फलशोभनास संमती दिली नाही. हा निर्णय तेव्हा वैद्यकीय होता. त्याने रखमाबाईंना काही वर्षांचा अवधी मिळाला. या अवधीत त्यांनी घरी राहून मिशनच्या ग्रंथालयातील पुस्तके आणून वाचली, इंग्रजी आत्मसात केले, प्रार्थना समाजाच्या मंडळींत आणि आर्य महिला समाजाच्या कार्यात त्या वावरू लागल्या. अकरा वर्षांच्या मुलीच्या वतीने पित्याने दिलेला नकार वयात आलेल्या मुलीने विचारपूर्वक स्वतःचा करून घेतला. हे स्थित्यंतर या चरित्राचा मध्यबिंदू होय. आणि समकालीन वृत्तपत्रांतील प्रतिकूल लेखनाने नेमके हेच स्थित्यंतर मान्य केले नाही. मुलगी बोलते आहे याचा अर्थ तिच्यामागून कोणीतरी बोलवीत आहे, असेच त्या लेखनाने गृहीत धरले.

४

मार्च १८८४ मध्ये दादाजींनी वकिलांमार्फत सखाराम अर्जुन यांना नोटीस पाठवून पत्नीला आपल्या घरी पाठवण्याची मागणी केली आणि पुढे मुंबईच्या उच्च न्यायालयात वैवाहिक हक्कांच्या पुनःस्थापनेचा दावा लावला. हा दावा मुळात इंग्लंडमधील धर्मन्यायालयांच्या परंपरेतला. हिंदू धर्मशास्त्रात पत्नीची कर्तव्ये विपुल सांगितली असली, तरी तिला न्यायालयाच्या हुकमाने ओढून आणण्याची अशी तरतूद नव्हती. धर्मरक्षणाच्या नावाने लढवलेला हा खटला असा परकीय कायद्याच्या आयुधाने लढवला गेला.

मराठी भाषेत या दाव्याला जवळचा शब्द नांदणे हा आहे. या क्रियापदाला आपल्याकडे विलक्षण व्याप्ती आहे. सुखाने राहणे, संसार करणे, सासरी स्थिर होणे, नवऱ्याशी संबंध ठेवणे, हे सारे त्यात येते. आणि या अर्थांतील शेवटचा अर्थ पहिल्या तिहींच्या आड झाकलेला राहतो. मुलगी नांदत नाही, असे म्हटले की ती हट्टी, उर्मट वा माहेरच्यांनी बिघडवलेली असावी, असे ऐकणाऱ्याच्या मनात येते. तिला एका विशिष्ट पुरुषाचा स्पर्श नको आहे, असे येत नाही. विवाहित असून न नांदलेल्या स्त्रीसाठी भाषेत प्रतिष्ठेचे नामच नव्हते. कुमारिका, सौभाग्यवती आणि गतभर्तृका या तीन अवस्थांबाहेर उरत होती ती टाकलेली किंवा घर सोडून गेलेली. नवऱ्याने टाकलेली नव्हे, तर नवऱ्याला नाकारलेली, आणि तरीही कोणा दुसऱ्या पुरुषाकडे न गेलेली स्त्री कोणत्या शब्दात बसवावी, हा प्रश्न या खटल्याने प्रथमच उभा केला.

१८८५ च्या जून महिन्यात ‘टाइम्स ऑफ इंडिया’मध्ये एका हिंदू स्त्रीचे, नाव न देता लिहिलेले पत्र प्रसिद्ध झाले. बालविवाहाने स्त्रीचे शरीर, मन आणि शिक्षण यांची जी हानी होते तिचे विवेचन त्यात होते. सप्टेंबरमध्ये सक्तीच्या वैधव्यावर दुसरे पत्र आले. या पत्रांच्या लेखिका रखमाबाई होत्या, हे पुढे उघड झाले. त्यांनी टोपणनाव का घेतले असावे, हे समजणे कठीण नाही. विवाहाच्या अंतरंगाविषयी बोलणे हेच मुळी कुलीन स्त्रीच्या मर्यादेबाहेरचे होते. कौमार्य केवळ शरीराचे मानले जात नसे. या विषयातील अज्ञान हेही त्याचे एक लक्षण मानले जाई. ज्या स्त्रीला आपण काय नाकारतो आहोत हे सांगता येते, ती निष्पाप कशी, असा संशय या धारणेतून निर्माण होतो. तीन वर्षांपूर्वी, १८८२ मध्ये, ताराबाई शिंदे यांनी ‘स्त्रीपुरुषतुलना’ लिहिली होती. सुरत जिल्ह्यातील विजयालक्ष्मी नावाच्या तरुण विधवेला भ्रूणहत्येच्या आरोपावरून झालेली शिक्षा आणि तिच्या निमित्ताने समस्त स्त्रीजातीवर वृत्तपत्रातून झालेले शिंतोडे, हे त्या पुस्तकाचे निमित्त होते. स्त्रीच्या शरीरावरील जाहीर चर्चेला स्त्रीने छापून उत्तर देण्याची ही नवी परंपरा होती. ताराबाईंनी मराठीत आणि स्वतःच्या नावाने लिहिले, रखमाबाईंनी प्रथम इंग्रजीत आणि नाव झाकून. परंतु दोघींचा रोख एकच होता.

५

खटला प्रथम न्यायमूर्ती पिन्हे यांच्यापुढे चालला. रखमाबाईंच्या बाजूने उभे राहिलेल्या वकिलांत काशिनाथ त्र्यंबक तेलंग होते. २१ सप्टेंबर १८८५ रोजी पिन्हे यांनी दादाजींचा दावा फेटाळला. त्यांच्या निकालाचे मर्म अपूर्ण विवाहात होते. जे सहजीवन कधी सुरूच झाले नाही त्याची पुनःस्थापना कशी होणार, असा त्यांचा युक्तिवाद होता. अजाण वयात, स्वतःच्या संमतीवाचून लग्न झालेल्या तरुण स्त्रीला तिच्या इच्छेविरुद्ध पुरुषाच्या स्वाधीन करण्यास त्यांनी नकार दिला. सखाराम अर्जुन हा निकाल ऐकण्यास हयात नव्हते. त्याच वर्षीच्या एप्रिलमध्ये त्यांचे निधन झाले होते.

निकालाने वृत्तपत्रसृष्टी दुभंगली. ‘टाइम्स ऑफ इंडिया’ आणि ‘बाँबे गॅझेट’ ही इंग्रजी पत्रे व बेहरामजी मलबारी यांच्यासारखे सुधारक रखमाबाईंच्या बाजूने उभे राहिले. विश्वनाथ नारायण मंडलिक यांच्या ‘नेटिव्ह ओपिनियन’ने दादाजींची बाजू उचलून धरली. पुण्याच्या ‘मराठा’मधून आणि लोकमान्य टिळकांच्या लेखनातून या निकालावर कठोर टीका झाली. हिंदू विवाह हा संस्कार आहे, त्याचा भंग ठरवण्याचा अधिकार इंग्रज न्यायाधीशाला नाही आणि इंग्रजी शिक्षणाने स्त्रिया पतीला जुमानीनाशा होतील, ही त्या टीकेची मुख्य सूत्रे होत. ‘केसरी’ची सूत्रे तेव्हा गोपाळ गणेश आगरकर यांच्याकडे होती. सामाजिक प्रश्नांवरून सहकाऱ्यांशी विकोपाला गेलेल्या मतभेदांमुळे त्यांनी १८८७ मध्ये ते पत्र सोडले आणि पुढच्या वर्षी ‘सुधारक’ काढला. रखमाबाईंचे प्रकरण त्या मतभेदांतील एक ठळक दुवा होते.

या टीकेतील राजकीय भाग सर्वस्वी पोकळ होता, असे म्हणता येत नाही. परकीय सत्ता आपल्या घरात कोठवर शिरणार, हा प्रश्न खरा होता. परंतु ज्या घराचे रक्षण करावयाचे त्या घरात मुलीचे स्थान काय, हा प्रश्न या मांडणीत विचारलाच गेला नाही. आणखी एक विसंगती नोंदवण्यासारखी आहे. रखमाबाईंच्या ज्ञातीत पुनर्विवाह निषिद्ध नव्हता. त्यांच्या आईचाच तो झाला होता. तरीही मुद्रणाच्या व्यासपीठावर या सुतार कन्येचे मोजमाप ब्राह्मणी गर्भाधानविधीच्या आणि पातिव्रत्याच्या मापाने झाले. ज्ञातिपरत्वे भिन्न असलेले आचार वृत्तपत्रांच्या पानांवर येताच एका हिंदू आचारात विरघळून गेले. कौमार्य आणि पातिव्रत्य यांची जी एकसाची कल्पना पुढे सर्वसाधारण मराठी मध्यमवर्गाची म्हणून ओळखली गेली, तिच्या घडणीत या मुद्रित वादांचा वाटा मोठा आहे.

१८८६ च्या मार्चमध्ये सरन्यायाधीश सर चार्ल्स सार्जंट आणि न्यायमूर्ती बेली यांनी पिन्हे यांचा निकाल फिरवला. हिंदू विवाह विधींनीच पूर्ण होतो. शरीरसंबंध झाला की नाही याने पतीच्या हक्कात फरक पडत नाही, असे या अपिलाने ठरले. न्यायाची भाषा आणि समाजाची भाषा येथे परस्परविरुद्ध दिशांना गेल्या. कायद्याच्या लेखी रखमाबाईंचे अस्पर्शित राहणे निरर्थक होते. लोकांच्या लेखी तेच सर्वांत अर्थपूर्ण, आणि म्हणून सर्वांत संशयास्पद होते. दोन्हीकडे रखमाबाईंचे म्हणणे मात्र गैरलागू ठरले.

६

दावा पुन्हा सुनावणीस आला तेव्हा ४ मार्च १८८७ रोजी न्यायमूर्ती फॅरन यांनी रखमाबाईंना महिन्याच्या आत पतीगृही जाण्याचा, अन्यथा सहा महिन्यांचा तुरुंगवास भोगण्याचा हुकूम दिला. रखमाबाईंनी तुरुंग पत्करण्याची तयारी दर्शवली.

या निकालाच्या सहाच दिवस आधी, २६ फेब्रुवारी रोजी, पुण्यात डॉ. आनंदीबाई जोशी यांचे निधन झाले होते. मराठी वृत्तपत्रांनी त्यांच्यासाठी मनापासून शोक केला. टिळकांनी त्यांना काही काळापूर्वी आर्थिक साहाय्यही पाठवले होते. समुद्रोल्लंघन, परदेशातील एकटे वास्तव्य, वैद्यकशास्त्रातील शरीरज्ञान या सर्व गोष्टी आनंदीबाईंच्या बाबतीत समाजाने अखेर क्षम्य मानल्या, कारण त्या पतीच्या इच्छेने आणि आज्ञेने घडल्या होत्या. नवव्या वर्षी विवाह, चौदाव्या वर्षी मातृत्व आणि अपत्याचा मृत्यू यांतून गेलेल्या आनंदीबाईंचे शरीर पतीच्या अधिकाराबाहेर कधी उभे राहिले नाही. रखमाबाईंनी तोवर देशही सोडला नव्हता, परपुरुषाशी त्यांचे नाव जोडता येत नव्हते. तरीही त्यांच्या शिक्षणाकडे बोट दाखवून स्त्रीशिक्षणाच्या अनर्थांची चर्चा झाली. एकाच पंधरवड्यातील या दोन प्रतिमा समोरासमोर ठेवल्या की माध्यमांचा निकष स्पष्ट होतो. स्त्रीचे शील ती काय करते यावरून ठरत नव्हते. ती ते कोणाच्या संमतीने करते, यावरून ठरत होते. यात आनंदीबाईंच्या धैर्याला उणेपणा नाही. त्यांच्या धैर्याची बातमी कोणत्या चौकटीत छापली गेली, एवढाच हा मुद्दा आहे.

त्याच वर्षी दादाजींनी आपली बाजू मांडणारी एक पुस्तिका प्रसिद्ध केली. मालमत्तेच्या लोभाने सासरच्यांनी पत्नीला फितवले, हे तिचे सूत्र होते. जूनच्या अखेरीस रखमाबाईंनी ‘बाँबे गॅझेट’मधून तिला जाहीर उत्तर दिले. हे उत्तर आता निनावी नव्हते. दोन वर्षांपूर्वी एका हिंदू स्त्रीच्या पडद्याआडून बोलणारी लेखिका स्वतःच्या नावाने पतीच्या मुद्द्यांचे एकेक करून खंडन करू लागली. चारित्र्यावरील आक्षेपाला मौन हेच कुलीन स्त्रीचे उत्तर मानणाऱ्या काळात ही कृती खटल्याइतकीच धाडसाची होती.

दरम्यान रखमाबाईंच्या साहाय्यासाठी समिती स्थापन झाली. एल्फिन्स्टन कॉलेजचे प्राचार्य वर्ड्सवर्थ, मलबारी, कामा रुग्णालयाच्या डॉ. ईडिथ पीची ही मंडळी पाठीशी उभी राहिली. पंडिता रमाबाईंनी १८८७ मध्ये अमेरिकेत प्रसिद्ध केलेल्या आपल्या इंग्रजी ग्रंथात या प्रकरणाची दखल घेतली. अखेर जुलै १८८८ मध्ये तडजोड झाली. २,००० रुपये घेऊन दादाजींनी हुकमाची अंमलबजावणी करण्याचा आग्रह सोडला. व्हिक्टोरिया राणीच्या हुकमाने हा विवाह रद्द झाला, ही पुढे लोकप्रिय झालेली कथा खटल्याच्या वाटचालीशी जुळत नाही. हिंदू विवाहाला त्या काळी कायद्याने घटस्फोटच नव्हता. दादाजींना दुसरा विवाह करण्यास कोणतीही आडकाठी नव्हती. रखमाबाई मात्र कायद्याने त्यांच्या पत्नीच राहिल्या. राणीच्या दयेची कथा सोयीची आहे, कारण ती सुखान्त आहे. पैसे मोजून मिळालेल्या अर्धवट सुटकेची हकीकत तितकी सोयीची नाही.

७

रखमाबाईंनी उभा केलेला प्रश्न त्यांच्या सुटकेने मिटला नाही. १८८९ मध्ये बंगालमध्ये फुलमणी नावाची सुमारे अकरा वर्षांची मुलगी पतीच्या शरीरसंबंधामुळे मृत्यू पावली. कायद्याने संमतीचे वय तेव्हा दहा होते. त्यानंतर आलेल्या संमतिवयाच्या विधेयकावर १८९०-९१ मध्ये महाराष्ट्रात जे रण माजले, त्याची भाषा रखमाबाई प्रकरणातच तयार झाली होती. गर्भाधानाचा काळ, ऋतुप्राप्तीचे वय, शास्त्राधार यांवर वृत्तपत्रांचे रकानेच्या रकाने भरले. डॉ. रामकृष्ण गोपाळ भांडारकर यांनी शास्त्रवचनांच्या आधारे विधेयकाची बाजू घेतली. टिळकांनी सरकारी हस्तक्षेपाला विरोध करताना विवाहाची वयोमर्यादा लोकांनी आपण होऊन वाढवावी, अशी पर्यायी सूचना केली. मार्च १८९१ मध्ये संमतीचे वय बारा झाले. याच सुमारास हरिभाऊ आपटे यांची ‘पण लक्षांत कोण घेतो’ ही कादंबरी ‘करमणूक’मधून क्रमशः येत होती. वृत्तपत्रांच्या अग्रलेखांत जी मुलगी केवळ वादाचा विषय होती, तिला मराठी कादंबरीत निवेदनाचा अधिकार मिळाला, ही वाङ्मयेतिहासाच्या दृष्टीने लक्षणीय घटना आहे.

या सर्व काळात रखमाबाई लंडनमध्ये होत्या. १८८९ मध्ये स्त्रियांसाठीच्या वैद्यकीय विद्यालयात त्यांनी प्रवेश घेतला. १८९० मध्ये तेथील ‘न्यू रिव्ह्यू’ या नियतकालिकात त्यांनी हिंदुस्थानातील बालविवाहांविषयी ब्रिटिश सरकारला आवाहन करणारा लेख लिहिला. लेखावर केवळ रखमाबाई एवढेच नाव होते. पित्याचे नाव नाही, पतीचे नाही. १८९४ मध्ये त्यांचे वैद्यकीय शिक्षण पूर्ण झाले.

मायदेशी परतल्यावर १८९५ पासून त्यांनी सुरतेच्या स्त्री-रुग्णालयात काम सुरू केले. ज्या जिल्ह्यातील विजयालक्ष्मीच्या शिक्षेने ताराबाईंची लेखणी उठली होती, त्याच जिल्ह्याच्या ठिकाणी रखमाबाईंनी वीसहून अधिक वर्षे स्त्रियांच्या प्रसूती केल्या, हा निव्वळ योगायोग असला तरी अर्थपूर्ण आहे. खटल्यात स्त्रीदेहाची चर्चा विधी, हक्क आणि अब्रू या शब्दांत झाली होती. रुग्णालयात तोच देह रक्तक्षय, अकाली गर्भारपण आणि प्रसूतीतील मृत्यू यांच्या रूपाने समोर येत होता. पुढे १९१८ मध्ये त्या राजकोटच्या जनाना रुग्णालयात गेल्या आणि सेवानिवृत्त होईपर्यंत तेथेच राहिल्या. १९२९ मध्ये त्यांनी पडदापद्धतीच्या निर्मूलनाची आवश्यकता सांगणारी पुस्तिका लिहिली.

८

१९०४ मध्ये दादाजी वारले. त्यानंतर रखमाबाईंनी विधवेचे पांढरे वस्त्र धारण केले. त्यांच्या चरित्रातील हा सर्वांत अवघड प्रसंग आहे. ज्या पुरुषाचा स्पर्श नाकारण्यासाठी त्यांनी तुरुंगाची तयारी ठेवली, त्याच्या मृत्यूचे चिन्ह त्यांनी अंगावर का घ्यावे? त्यांच्या मनातील कारणे ठामपणे सांगता येण्यासारखी नाहीत. परिस्थिती मात्र सांगता येते. वयाच्या चाळिशीत त्या परगावी एकट्या राहून ज्या स्त्रियांवर उपचार करीत होत्या, त्या परंपरानिष्ठ घरांतून येत. अविवाहित नाही, नांदलेली नाही, टाकलेली नाही, अशा वैद्य स्त्रीला त्या काय म्हणणार होत्या? वैधव्य ही निदान सर्वांना कळणारी अवस्था होती. भाषेने जिला आयुष्यभर नाव नाकारले, तिला शेवटी एक नाव मिळाले, ते विधवा हे. वीस वर्षांपूर्वीचा त्यांचा नकार यामुळे खोटा ठरत नाही. नकारानंतरही समाजात राहावे लागते आणि त्या राहण्याची किंमत स्त्रीलाच चुकवावी लागते, एवढे यातून दिसते. रखमाबाईंकडून सलग वीरगाथेची अपेक्षा ठेवणारे चरित्रकार या प्रसंगापाशी घुटमळतात. वस्तुतः कौमार्याच्या आणि सौभाग्याच्या कल्पनांचे दडपण किती चिवट असते, याचा याहून बोलका पुरावा त्यांच्या आयुष्यात दुसरा नाही.

२५ सप्टेंबर १९५५ रोजी मुंबईत रखमाबाईंचे निधन झाले. त्याच वर्षीच्या मे महिन्यात हिंदू विवाह कायदा अमलात आला होता. त्याने हिंदू स्त्रीला घटस्फोटाचा हक्क दिला; आणि त्याच कायद्याच्या नवव्या कलमाने वैवाहिक हक्कांच्या पुनःस्थापनेचा दावाही कायम ठेवला. १९८३ मध्ये आंध्र प्रदेश उच्च न्यायालयाने हे कलम घटनाबाह्य ठरवले, पण दुसऱ्याच वर्षी सर्वोच्च न्यायालयाने ते वैध मानले. दादाजींनी ज्या हत्याराचा उपयोग केला ते अशा प्रकारे बोथट होऊनही म्यानात शाबूत राहिले.

लोकस्मृतीत रखमाबाई दीर्घकाळ विस्मृत होत्या. मोहिनी वर्दे यांचे मराठी चरित्र, सुधीर चंद्र यांचा खटल्यावरील अभ्यास आणि २०१६ चा अनंत महादेवन दिग्दर्शित मराठी चित्रपट यांमुळे त्यांची ओळख पुन्हा प्रस्थापित झाली. आज त्यांचे स्मरण होते ते प्रामुख्याने पहिल्या डॉक्टरांपैकी एक म्हणून. हा गौरव यथार्थ आहे, पण तो निर्धोकही आहे. स्त्रीने डॉक्टर होण्यावर आता कोणाचा आक्षेप उरलेला नाही. पण मुलीच्या कौमार्याचा प्रश्न तसा मिटलेला नाही. महाराष्ट्रात कंजारभाट समाजातील तरुणांनी विवाहाच्या रात्री घेतल्या जाणाऱ्या कौमार्यपरीक्षेविरुद्ध २०१८ मध्ये आवाज उठवला, तेव्हा तो प्रश्न पुन्हा वृत्तपत्रांच्या पानांवर आला. आणि बलात्कारपीडितेच्या कौमार्याची वैद्यकीय चाचणी थांबवा, हे सर्वोच्च न्यायालयाला २०१३ नंतर २०२२ मध्येही बजावून सांगावे लागले. मुलीचे कौमार्य हे घराण्याची ठेव, की तिच्या स्वतःच्या शरीराची गोष्ट, हे ज्या दिवशी रखमाबाईंनी विचारले त्या दिवशी त्या डॉक्टर नव्हत्या, विदुषी म्हणून प्रसिद्ध नव्हत्या. त्या वीस वर्षांच्या, घरात शिकलेल्या एक मुलगी होत्या. त्यांच्या चरित्राचे महत्त्व त्या प्रश्नापासून सुरू होते.